एकसाली

मृगाच्या सरी बेताबेताने पडून गेल्या होत्या आणि आर्द्रा नक्षत्र लागून तीनचार दिवस झाले होते, अशा एका रविवारी सकाळी दिव्याहून सुटणाऱ्या रोह्याच्या गाडीने मी निघालो. पेण आणि रोहे या दोन तालुक्यांतले डोंगर, त्या डोंगरांच्या अंगावर पावसाळ्याच्या चार महिन्यांपुरतेच जन्म घेणारे जलप्रपात आणि त्यांच्या पायथ्याशी नांदणाऱ्या कातकरी-ठाकरांच्या वाड्या एका दिवसात पाहाव्यात व रात्री घरी येऊन निजावे, एवढाच मर्यादित संकल्प त्या प्रवासामागे होता. ज्या प्रदेशाचे आपण काही देणे लागत नाही अशी आपली समजूत असते, त्याने मात्र एका दिवसात आपल्याला भरभरून द्यावे, ही अपेक्षा नागर मनुष्याच्या अंगवळणी पडलेली असते. माझ्याही मनात ती होती, हे आरंभीच सांगितले पाहिजे.

आपटा मागे पडले की गाडी मोकळी होते, आणि जिते, हमरापूर ही स्थानके येईपर्यंत खिडकीच्या एका अंगास खाडीकडे उतरत गेलेली खारपाटाची सपाटी आणि दुसऱ्या अंगास ढगांत शिर खुपसून बसलेले डोंगर, असे या मुलुखाचे दोन्ही स्वभाव एकदमच दृष्टीस पडतात. हमरापूर-जोहे भागातल्या कारखान्यांतून गणपतीच्या मूर्ती या दिवसांत रंगाची वाट पाहत ओळीने मांडलेल्या असतात. पेणच्या त्या कारागिरीची ख्याती समुद्रापलीकडे गेली आहे आणि तिच्यावर स्वतंत्रपणे लिहिण्याजोगे पुष्कळ आहे, पण त्या दिवशी माझे लक्ष पूर्वेकडच्या डोंगरांवर होते. पेणच्या स्थानकावर माझे एक जुने स्नेही भाड्याची जीप घेऊन उभे होते. आयुष्याची तीसपस्तीस वर्षे त्यांनी याच तालुक्यातल्या शाळांतून शिकविण्यात घालविली, आणि वाड्यावाड्यांतून त्यांना अजूनही ‘गुरुजी’ याच नावाने हाक मारतात.

गागोद्याच्या बाजूचे डोंगर दिसू लागले तेव्हा गुरुजींनी बोट दाखवून म्हटले, ‘‘विनोबांचं गाव.’’ ११ सप्टेंबर १८९५ रोजी या लहानशा गावात विनायक नरहर भावे जन्मले, आणि बालपणीची पहिली काही वर्षे त्यांनी हेच डोंगर, हाच पाऊस आणि हीच भाताची खाचरे पाहिली. १९५१ च्या एप्रिलात तेलंगणातल्या पोचमपल्लीत मिळालेल्या पहिल्या भूमिदानापासून जो मनुष्य भूमिहीनांसाठी जमीन मागत देशभर तेरा वर्षे पायी हिंडला आणि ज्याच्या पदरात लक्षावधी एकर पडले, त्याच्या जन्मग्रामाच्या आसपासच्या डोंगरउतारांवर ज्यांच्या पायाखालची जमीन कुठल्याच दप्तरात त्यांच्या नावे नाही अशा माणसांच्या वाड्या आजही उभ्या आहेत, हे त्या क्षणी मला ठाऊक नव्हते. ते पुढे तासाभराने कळले, आणि मग दिवसभर त्याच एका गोष्टीच्या भोवती माझे मन फिरत राहिले.

जीप जिथपर्यंत जाऊ शकत होती तिथून पुढे पाऊण तासाची चढण होती. वाडी पंचवीस-तीस घरांची. त्यांतली काही सरकारी योजनेतून बांधलेली पक्की, बाकीची कारवीच्या कुडाला माती-शेणाचा लेप दिलेली. घराघराच्या छपरावर कुणी ना कुणी चढलेले होते, आणि कौलांच्या फटींतून प्लॅस्टिकचे निळे कापड सरकवून वर दगड ठेवण्याचे काम घाईने चालले होते. पाऊस सुरू होऊन पंधरवडा लोटल्यावर ही डागडुजी कशी, असे मी विचारले, तेव्हा गुरुजींनी सांगितले की अर्धी वाडी आठपंधरा दिवसांपूर्वीच परत आली आहे. दसरा-दिवाळी आटोपली की वीटभट्ट्यांचे आणि कोळशाच्या भट्ट्यांचे मुकादम वाडीत येतात. आधीच घेतलेल्या उचलीच्या हिशेबात नवरा, बायको, चालती-बोलती मुले, सारे कुटुंब टेंपोत बसते, आणि पाऊस तोंडावर येऊन भट्टी बंद होईपर्यंत घराला कुलूपही नसते, कारण कुलूप लावून ठेवावे असे आत काही नसते. त्या सातआठ महिन्यांत शाळेच्या हजेरीपटावर मुलांच्या नावांपुढे रेघा पडतात. गुरुजी हे सांगत असता त्यांचा स्वर जो खाली आला, त्यावरून अशा किती रेघा त्यांनी स्वतःच्या हाताने ओढल्या असतील याची मला कल्पना आली.

कातकरी हे नावच मुळी कातावरून आले. खैराचे झाड तोडून, त्याची साल आणि वरचे पांढरे लाकूड काढून टाकून, आतल्या तांबड्या गाभ्याचे ढलपे मातीच्या मडक्यांत उकळावयाचे, तो काढा गाळून पुन्हा आटवावयाचा आणि घट्ट झाला की त्याच्या वड्या पाडून वाळवावयाच्या, हा उद्योग करण्यासाठी पावसाळा संपला की या लोकांच्या टोळ्या खैराच्या रानात जाऊन राहत. महाराष्ट्रातल्या घरोघरच्या तबकात, लग्नकार्यात, देवापुढच्या विड्यात जो कात पिढ्यान्पिढ्या पडला, त्यातला पुष्कळसा या मडक्यांतून आलेला आहे. पुढे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जंगले राखीव झाली, खैरावर सरकारचा अंमल बसला आणि धंदा गेला; नाव तेवढे उरले. सोनार सोने घडवितो, कुंभार मडकी घडवितो, आणि कातकऱ्याने कात पाडल्याला मात्र चार-पाच पिढ्या होऊन गेल्या आहेत. एका समाजाच्या हातातून त्याचा व्यवसाय काढून घेऊन केवळ त्याची आठवण त्याच्या नावात ठेवून देणे, यात जी निष्ठुरता आहे ती कायदा करणाऱ्यांच्या ध्यानातही आली नसावी. १८८३ साली प्रसिद्ध झालेल्या कुलाबा जिल्ह्याच्या गॅझेटियरात या लोकांविषयी पुष्कळ लिहिलेले आहे, आणि आपण रामाच्या वानरसेनेचे वंशज आहोत अशी त्यांची श्रद्धा असल्याचेही त्यात नमूद आहे. सेतू बांधून, लंका जिंकून, राज्य मात्र दुसऱ्यांच्या स्वाधीन करून जे अरण्यात परत गेले त्यांच्याशी आपले नाते आहे असे मानणाऱ्या लोकांची स्वतःविषयीची समज किती खोल असेल, असे मला ते वाचताना वाटले होते, आणि त्या वाडीत उभे असताना ते पुन्हा आठवले.

ज्या घराच्या ओट्यावर आम्ही टेकलो तिथल्या वृद्धेला मी, पुस्तकांतून गोळा केलेल्या उत्सुकतेने, नाच आणि गाणी पाहावयास-ऐकावयास मिळतील काय असे विचारले. ती शेवळे निवडीत होती. हातातले काम न थांबविता ती म्हणाली, ‘‘लग्नं सरली, दादा. गौरी आजून लांब. आता नाचाचं काय?’’ तिच्या बोलण्यात राग नव्हता, मला खजील करण्याचा हेतू तर मुळीच नव्हता; आंबा भाद्रपदात मागणाऱ्याला जसे सांगावे तसे तिने सांगितले. लोककला या नावाने आपण जे रंगमंचावर कुठल्याही तिथीला पाहतो, त्याला या वाडीत ऋतू आहे, प्रसंग आहे, आणि ज्याच्या दारात तो नाच व्हावयाचा त्याच्या घरी काहीतरी घडलेले असावे लागते, हे मला कळावयास तेवढे एक वाक्य पुरे झाले. मी जी संस्कृती पाहावयास आलो होतो ती त्या घटकेला तिच्या मांडीवरच्या सुपात होती.

कारण शेवळे निवडणे हे साधे काम नाही. पहिल्या पावसाबरोबर जमिनीतून वर येणारा हा जांभळट कोंब वरून मोहक दिसतो, पण त्याच्या पोटातला पिवळा भाग काढून टाकला नाही तर घशाला असह्य खाज सुटते. आणि तो काढला तरी काकडाची आंबट हिरवी फळे ठेचून त्यांचा रस भाजीत घातल्यावाचून ती खाण्याजोगी होत नाही. काकडाचे झाड रानात वेगळीकडे, उंच, आणि त्याची फळे तयार होतात ती नेमकी शेवळे वर येण्याच्या दिवसांत. एकाची खाज दुसऱ्याच्या आंबटपणाने मरते हे प्रथम कुणी शोधून काढले असेल, त्यापूर्वी किती घसे सुजले असतील, आणि तो शोध आईकडून लेकीकडे किती शतके चालत आला असेल, याचा विचार करू लागले की आपल्या ग्रंथालयांविषयी वाटणारा अभिमान थोडा नम्र होतो. कुरडू, टाकळा, भारंगी, फोडशी, कवळा, करटोली अशी एकामागून एक येणारी पावसाळी भाज्यांची पंचमी-दशमी तिने मला बोटांवर मोजून दाखविली. अमुक भाजी कोवळी असतानाच, तमुक भाजी गवत वाढण्यापूर्वी, आणि पहिल्या लोंढ्याबरोबर ओढ्यातून शेतांत चढणारे वलगणीचे मासे तर केवळ त्या दोनचार रात्रींपुरते. पंचांगात जी तिथी नाही ती तिच्या जिभेवर होती.

धबधब्याकडे तीच आमच्याबरोबर आली, आणि तिची आठनऊ वर्षांची नात पुढे पळत होती. वाटेवर ऐन, किंजळ, कुंभा यांची गर्द झाडी, खाली करवंदीच्या जाळ्या, आणि कुठेकुठे तोडून पुन्हा फुटलेला एखादा खैर. वाट एका वहाळाच्या कडेने चढत होती. प्रथम ध्वनी आला. मग झाडांच्या फांद्यांतून गारवा आला. आणि एका वळणावर काळ्या कातळाची भिंत अकस्मात समोर उभी राहून तिच्या माथ्यावरून पाणी खाली येत असलेले दिसले. येत असलेले असेच म्हणावे लागते, कारण तिथे पाण्याच्या पडण्यात घाई नव्हती. वरच्या कड्यावर ते एका धारेने निघे, मध्ये कातळाच्या एका दातावर फुटून त्याच्या तीन धारा होत, आणि त्यांतली सर्वांत डावीकडची धार खाली पोहोचण्यापूर्वीच वाऱ्याने उचलली जाऊन तिचे तुषार पलीकडच्या कारवीवर जाऊन बसत. वर ढग इतके खाली उतरले होते की पाणी डोंगरातून येते की आभाळातून, हे सांगता येऊ नये. खालच्या डोहाच्या काठी, पाण्यावर ओणवलेल्या एका फांदीवर निळा, नारिंगी, जांभळा असे रंग एकाच चिमुकल्या देहात घेऊन एक तिबोटी खंड्या बसला होता; पावसाबरोबर कोकणात घरटे करावयास येणारा हा पक्षी आता रायगड जिल्ह्याचा मानाचा पक्षी आहे. तो उडाला तेव्हा एक रंगीत रेघ डोळ्यांपुढून निघून गेल्यासारखी वाटली, आणि ती कितीतरी वेळ डोळ्यांत राहिली.

मी त्या धबधब्याचे नाव विचारले. वृद्धेने थोडा वेळ विचार केला आणि म्हणाली, ‘‘वरच्या पाण्याला नाव नाय. खालची ती मुठ्यांची कोंड.’’ डोहाला तिथे कोंड म्हणतात, आणि त्या डोहात मुठे, म्हणजे खेकडे, मिळतात म्हणून त्याला नाव. कड्यावरून पडणारे पाणी नुसते पाहण्याचे, म्हणून त्याला नाव नाही. मग तिने एक गोष्ट सांगितली, जी मी इथे मुद्दाम लिहून ठेवतो, कारण दर पावसाळ्यात या डोंगरांत शहरातून आलेली तरुण माणसे वाहून गेल्याच्या बातम्या येतात. ती म्हणाली की पाण्याचा रंग बदलला आणि त्याबरोबर पाला-काटक्या येऊ लागल्या की क्षणभरही थांबावयाचे नाही, वर आभाळ कितीही स्वच्छ असो. कारण पाऊस इथे पडत नसला तरी माथ्यावर पडलेला असतो, आणि पाण्याचा लोंढा निरोप धाडून येत नाही, पाला हाच त्याचा निरोप. मी धबधब्याकडे पाहत असताना ती सारा वेळ पाण्याकडे पाहत होती, हे मला तेव्हा उमगले.

परतताना झाडी एका ठिकाणी विरळ झाली आणि डोंगराचा एक उघडा उतार लागला. राबाच्या जागी नाचणीचे वीतभर तरू उभे होते, आणि तिचा मुलगा उताराच्या बांधाचे निसटलेले दगड पुन्हा बसवीत होता. ‘‘ही आमची दळी,’’ ती म्हणाली. हा शब्द मी त्यापूर्वी जुन्या महसुली कागदांत वाचला होता, पण त्यावर पाय ठेवून उभा राहिलो तो त्याच दिवशी. कुलाबा आणि रत्नागिरी या जिल्ह्यांत जंगलाच्या हद्दीतले जे उतार नांगर चालण्याजोगे नाहीत, ते नाचणी-वरी पिकविण्यासाठी कातकरी, ठाकूर, धनगर अशा लोकांना लागवडीला दिले जात. त्यांची नोंद दळीबुकात होई, आणि ती वहिवाट असे एकसाली. एकसाली म्हणजे एका सालापुरती. पुढच्या साली पुन्हा अर्ज, पुन्हा मेहेरबानी. ज्या माणसाचा आजा त्याच उतारावर राबला, बापाने तेच दगड रचले आणि जो स्वतः आता तेच दगड पुन्हा रचीत आहे, तो सरकारी दप्तराच्या दृष्टीने दर वर्षी नव्याने आलेला पाहुणा.

मुलाने घरी आल्यावर प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेले काही कागद आणून गुरुजींपुढे ठेवले. त्यांत जीर्ण झालेल्या, घडीवर फाटलेल्या चारपाच पावत्या होत्या. त्याच्या बापाने अतिक्रमणाबद्दल भरलेल्या दंडाच्या त्या पावत्या. आम्हां नागरांच्या घरी दंडाची पावती कुणी जपून ठेवीत नाही. इथे ती जमिनीच्या सनदेसारखी जपलेली होती, आणि त्याला कारण होते. २००६ च्या वनहक्क कायद्याने १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून जंगलजमीन कसणाऱ्या आदिवासींचा हक्क मान्य केला, जुने पट्टे आणि भाडेपट्टे मालकीहक्कात बदलून देण्याची तरतूदही त्यात केली, आणि मग तुम्ही इथे होता याला पुरावा काय, असा प्रश्न आला. ज्यांच्याजवळ सातबारा नाही, फेरफार नाही, घरपट्टीचा दाखला नाही, त्यांच्याजवळ एवढाच पुरावा होता की अमुक साली अमुक दिवशी या जागी राबल्याबद्दल आपल्याला शिक्षा झाली होती. बापाने भरलेला दंड मुलाच्या कामी आला. गुरुजी तो एकेक कागद उजेडाकडे धरून तारखा वाचीत होते, आणि तो तरुण त्यांच्या तोंडाकडे ज्या एकाग्रतेने पाहत होता, तसे परीक्षेच्या निकालाकडेही कुणी पाहत नसेल. वाडी जिथे वसली आहे ती जागाही परक्याच्या नावावर आहे, हे त्याच बोलण्यातून निघाले. गावठाण नसलेल्या अशा वाड्या या जिल्ह्यात जागोजाग आहेत, आणि मुंबईच्या बाजूने जमिनीचे भाव जसजसे वर चढत येतात तसतसे, कालपर्यंत ज्याने हरकत घेतली नाही त्या मालकाचे कुंपण आज अंगणापर्यंत येऊन ठेपते.

या जंगलांचा झगडा जुना आहे. पेणहून फार दूर नसलेल्या चिरनेरला २५ सप्टेंबर १९३० रोजी, जंगलच्या कायद्याविरुद्ध कोयते-कुऱ्हाडी घेऊन अक्कादेवीच्या डोंगरावर गेलेल्या सत्याग्रहींवर गोळीबार झाला, आणि त्यात पडलेल्या हुतात्म्यांमध्ये नाग्या कातकरी याचे नाव आहे. देशाच्या स्वातंत्र्याच्या इतिहासात ते नाव शिलेवर कोरले गेले. त्याच्या जातभाईंचे नाव दळीबुकातून सातबाऱ्यावर यावयास त्याहून कितीतरी अधिक काळ लागत आहे.

दुपारी आम्ही नागोठण्यावरून भिसे खिंडीच्या वाटेने रोह्यास उतरलो. खिंडीतले रान दाट आहे आणि पावसात त्याला जो ओला, मातट वास येतो तो घ्यावा तेवढा थोडा. पण आमचे बोलणे बंद पडले होते, आणि अवचितगडाचा माथा ढगातून एकदा वर निघून पुन्हा नाहीसा झाला एवढेच मला आठवते. फणसाडचे अरण्य, जे एके काळी जंजिऱ्याच्या नबाबाची राखीव शिकारीची जागा होते आणि १९८६ पासून अभयारण्य आहे, तिथे जावयाचा बेत होता. तिथल्या पाणवठ्यांना गाण म्हणतात, हा शब्द मला फार आवडतो. परंतु वेळ उरला नव्हता, आणि खरे सांगावयाचे तर आणखी एक रान नुसते पाहण्याची माझी इच्छाही उरली नव्हती.

कुंडलिकेच्या काठी मात्र आम्ही बराच वेळ बसलो. नदीला पावसाचे तांबडे पाणी आले होते. पण ही नदी भर वैशाखातही आटत नाही, आणि कोलाडला तिच्या प्रवाहात रबरी होड्या घालण्याचा जो खेळ आता प्रसिद्ध झाला आहे तो उन्हाळ्यातही चालतो, याचे कारण डोंगराच्या पलीकडे आहे. मुळशीच्या धरणात अडविलेले मुळेचे पाणी सह्याद्रीच्या कड्यावरून नळांवाटे सुमारे पाचशे मीटर खाली आणून भिऱ्याच्या केंद्रात त्यापासून वीज केली जाते, आणि १९२७ पासून ते पाणी कुंडलिकेत सोडले जाते. त्या धरणाखाली ज्यांची गावे गेली त्या मावळ्यांसाठी सेनापती बापटांनी १९२१ साली मुळशीचा सत्याग्रह उभारला होता. सकाळी पाहिलेल्या धबधब्याला नाव नव्हते. हाही एक धबधबाच आहे, लोखंडी नळात कोंडलेला, ज्याचा आवाज कुणाला ऐकू येत नाही आणि ज्याचे वेळापत्रक असते. विजेचा दिवा लावून हे लिहिताना मी त्या उपकाराचा इन्कार करू शकत नाही. एवढेच की, पाण्याने वाट बदलली तेव्हा माणसांनाही ती बदलावी लागली, आणि नदीच्या काठी बसून नुसते नदीकडे पाहणे त्या संध्याकाळी मला जमले नाही.

निघताना वृद्धेकडून मी शेवळांच्या दोन जुड्या विकत घेतल्या होत्या. तिने पैसे घेतले, आणि मग पदराच्या गाठीतून मूठभर काकडे काढून वर घातली. त्यांचे पैसे मी देऊ लागलो तेव्हा तिने हात मागे घेतला. ‘‘ती शेवळांबरोबर द्यायचीच अस्तात,’’ ती म्हणाली, ‘‘नायतर तुझ्या घरच्यांनी खावं कसं?’’ रोह्याहून परतीच्या गाडीत मी ती पिशवी मांडीवर घेऊन बसलो होतो. पेण आले तेव्हा अंधार पडला होता, आणि पूर्वेच्या डोंगरांत कुठे दिवा दिसतो का म्हणून मी खिडकीशी वाकलो, पण काचेवर पावसाचे थेंब होते आणि त्यांत डब्यातलाच उजेड फुटत होता.

दुसऱ्या दिवशी घरी तिने सांगितले होते तसे, पिवळा भाग काढून, बारीक चिरून, तेलावर परतून, काकडांचा ठेचून काढलेला रस घालून आणि वाल टाकून भाजी केली. पहिला घास मी भीतभीतच घेतला. घसा खवखवला नाही.